मॉड लोडर: सॅन अँड्रियास नेमका कशामुळं उडतो ते दाखवणारं साधन

जीटीए सॅन अँड्रियास या गेममध्ये मॉड, म्हणजे लोकांनी बनवलेल्या नव्या गाड्या, रस्ते असले बदल, टाकायला निघालेल्या पोराला मी आधी एवढंच सांगतो, लालपरी नंतर टाक, बुलेट नंतर टाक, पहिल्यांदा मॉड लोडर टाक. आमच्या उदगीरकडं हा गेम अजून जोरात आहे. संगणकावर तो जून २००५ मध्ये आला, पेन्टियम थ्री आणि २५६ एमबी रॅमच्या मशीनवर चालेल असा. त्यामुळं थोरल्या भावानं कॉलेजात वापरलेला लॅपटॉप धाकट्याच्या हाती आला की त्यावर पहिला हाच गेम पडतो. मग गेममधल्या हंटली जीपच्या जागी स्कॉर्पिओ येते, फ्रीवे मोटारसायकलच्या जागी बुलेट, कोच बसच्या जागी एसटी, आणि ट्रॅक्टरच्या जागी आपल्या बांधावर दिसतो तसला ट्रॅक्टर. थोड्याच दिवसांत गेम उडायला लागतो, म्हणजे खेळता खेळता मधेच क्रॅश होऊन बंद पडतो.

उडाला की इथली रीत ठरलेली आहे. सगळा फोल्डर डिलीट, मित्राच्या पेनड्राइव्हवरून परत कॉपी, परत तेच सगळे मॉड, परत तोच क्रॅश. दिवाळीच्या, उन्हाळ्याच्या सुट्ट्या पोरं यात घालवतात आणि शेवटी ‘लॅपटॉपच बेकार आहे’ म्हणून सोडून देतात. हे बघून मला खरंच वाईट वाटतं, कारण लॅपटॉप बहुतेक वेळा चांगला असतो आणि क्रॅशचं कारण सापडण्याजोगं असतं. ते सापडवायला मला सगळ्यात जास्त उपयोग कशाचा झाला असेल तर या मॉड लोडरचा, म्हणून त्याच्याबद्दल सविस्तर लिहितोय.

माझं मोटार रिवाइंडिंगचं दुकान आहे. दिवसभर पाणबुडी मोटारी, स्टार्टर, जळक्या वार्निशचा वास. संध्याकाळी शटर अर्धं ओढलं की भाचा आणि त्याचे सोबती लॅपटॉप घेऊन येतात. सगळ्यांचा मी मामाच. “मामा, परत उडाला बघा” हे वाक्य ऐकलं की मी टेस्टिंगच्या टेबलावरचं सामान बाजूला सारतो. गेम मलाही आवडतो. फ्लिंट काउंटीतल्या शेतांमधून ट्रॅक्टर नेत बसायला मला कंटाळा येत नाही.

मॉड लोडर बनवला लिंक-२०१२ या टोपणनावाच्या ब्राझीलच्या प्रोग्रामरनं. फुकट आहे, त्याचा कोड सगळ्यांसाठी खुला आहे, आणि जीटीए थ्री, व्हाइस सिटी आणि सॅन अँड्रियास या तिन्ही जुन्या गेमवर चालतो. गेमच्या फोल्डरमध्ये एएसआय लोडर, म्हणजे एएसआय नावाच्या जोड-फाईली गेममध्ये चढवणारं साधन, आधी असावा लागतो. मग मॉड लोडरची एएसआय फाईल आणि ‘मॉडलोडर’ नावाचा फोल्डर तिथं टाकायचा, बस. यापुढं प्रत्येक मॉडला त्या फोल्डरच्या आत स्वतःचा एक फोल्डर. लालपरी एका फोल्डरमध्ये, स्कॉर्पिओ दुसऱ्यात, रस्ते तिसऱ्यात. गेम चालू झाला की मॉड लोडर मूळ फाईलच्या ऐवजी तुमची फाईल पुढं करतो, आणि मूळ फाईल जागेवर जशीच्या तशी राहते.

याचं मोल कळायला जुनी पद्धत माहीत पाहिजे. गाडीचं मॉडेल म्हणजे डीएफएफ फाईल, तिचे रंग-चित्रं म्हणजे टीएक्सडी. या फाईली जीटीए-थ्री डॉट आयएमजी नावाच्या एका मोठ्या गाठोड्यात असतात. ते गाठोडं एका टूलनं उघडायचं, जुनी फाईल काढायची, नवी घालायची, परत बांधायचं. पाच-सहा गाड्या बदलल्या की आत मूळचं काय आणि नवं काय हे देवालाही सांगता येत नाही. अशा गेममध्ये क्रॅश शोधायचा म्हणजे कशाला धरून सुरुवात करायची हेच कळत नाही. मॉड लोडरनं पहिली गोष्ट ही केली की प्रत्येक मॉड वेगळा, ओळखता येईल असा ठेवला. बहुतेक लोक या साधनाची तारीफ ‘मॉड टाकायला सोपं’ म्हणून करतात. मला ते दुय्यम वाटतं. मॉड काढायला सोपं, हा खरा फायदा, कारण क्रॅश शोधण्याचं सगळं काम काढून बघण्यावरच चालतं.

गाडीच्या वेगाची, वजनाची, ब्रेकची माहिती हँडलिंग डॉट सीएफजी या फाईलमध्ये एकेका ओळीत असते. दोन मॉडनी आपापली अख्खी हँडलिंग फाईल दिली तर जुन्या पद्धतीत दुसरी पहिलीला पुसून टाकायची. मॉड लोडर दोन्ही फाईली मूळ फाईलशी ताडून बघतो आणि फक्त बदललेल्या ओळी एकत्र करतो. एवढंच काय, मॉडसोबत आलेल्या रीडमी फाईलमध्ये ती ओळ लिहिलेली असली तरी तो तिथून उचलतो. पोरांना याचं भारी कौतुक आहे. मला थोडी धास्तीही आहे, ती पुढं सांगतो.

आता मुख्य गोष्ट, लॉग. मॉडलोडर फोल्डरमध्ये ‘मॉडलोडर डॉट लॉग’ नावाची साधी टेक्स्ट फाईल तयार होते. नोटपॅडमध्ये उघडते. वरच्या भागात कोणता फोल्डर सापडला, कोणती फाईल कुठून घेतली, याच्या ओळी. आणि गेम उडाला असेल तर एकदम तळाशी क्रॅशचा पंचनामा. कोणत्या मॉड्यूलमध्ये म्हणजे कोणत्या प्रोग्राम फाईलमध्ये, मेमरीतल्या कोणत्या पत्त्यावर, कोणत्या प्रकारची चूक झाली, आणि त्याआधी गेम कोणत्या वाटेनं तिथवर आला. आमच्या पोरांपैकी एकानंही ही फाईल कधी उघडलेली नव्हती. स्क्रीन काळी होऊन डेस्कटॉप दिसला की त्यांच्या दृष्टीनं गोष्ट तिथंच संपायची.

तो पंचनामा इंग्रजीत असतो, पण त्यातल्या तीनच गोष्टी बघायच्या. पहिली, मॉड्यूलचं नाव. तिथं एखाद्या मॉडच्या एएसआय फाईलचं नाव आलं तर पहिला संशय थेट त्या मॉडवर घ्यायचा. ग्राफिक्स कार्डाच्या ड्रायव्हरचं नाव आलं तर आधी ईएनबी किंवा तसला पाण्या-उजेडाचा मॉड काढून बघायचा. गेमच्याच एक्सईचं, म्हणजे मुख्य प्रोग्राम फाईलचं नाव आलं, जे सगळ्यात जास्त वेळा येतं, तर दुसरी गोष्ट बघायची, ‘अॅक्सेस व्हायोलेशन’ या शब्दांपुढचा पत्ता. गेम जिथून वाचायला गेला तो पत्ता शून्य किंवा शून्याच्या अगदी जवळचा असेल, तर जी वस्तू आहे असं गेमनं गृहीत धरलं ती तिथं नव्हतीच. मॉडेलचा एखादा भाग गायब आहे, फाईल अर्धवट आहे, किंवा मेमरी संपल्यामुळं ती आत आलीच नाही.

तिसरी गोष्ट म्हणजे क्रॅशचा स्वतःचा पत्ता, आणि इथं या गेमची एक खासियत कामाला येते. आजकालचे प्रोग्राम दर वेळी मेमरीत वेगळ्या जागी चढतात. सॅन अँड्रियासची १.० आवृत्ती कायम एकाच ठरलेल्या जागी चढते. म्हणजे उदगीरच्या लॅपटॉपवर जो पत्ता आला तोच पत्ता ब्राझीलमधल्या किंवा पोलंडमधल्या मशीनवर त्याच क्रॅशला येतो. म्हणून जगभरच्या मॉडर लोकांनी या पत्त्यांच्या याद्या करून ठेवल्यात, या पत्त्यावर उडाला तर गाडीच्या मॉडेलमध्ये गडबड, त्या पत्त्यावर उडाला तर नकाशाच्या टक्कर-फाईलमध्ये, म्हणजे कुठं काय धडकतं ते सांगणाऱ्या फाईलमध्ये. लॉगमधला पत्ता कॉपी करून शोधला की निम्म्या वेळा तरी दिशा मिळते. दिशाच मिळते बरं का, निकाल नाही. एकाच पत्त्यावर गेम तीन-चार वेगळ्या कारणांनी उडू शकतो.

लालपरीचं प्रकरण सांगतो, कारण त्यात हे सगळं एकदम बघायला मिळालं.

भाच्याच्या लॅपटॉपवर गेम सुरू व्हायचा, घरातून बाहेर पडता यायचं, थोडा वेळ हिंडताही यायचं. मग रस्ता अंगावर आल्यासारखा एकदम गायब व्हायचा, इमारतींची चित्रं उडून त्या पांढऱ्याफटक व्हायच्या, आणि थोड्या वेळानं क्रॅश. वेळ ठरलेली नाही, जागा ठरलेली नाही. पोरांचं मत पडलं की लॅपटॉप तापतोय. मे महिना होता, पत्र्याखाली बसून खेळायचे, त्यामुळं संशय अगदीच चुकीचा नव्हता. पण तापल्यामुळं बंद पडणारा लॅपटॉप बहुतेक वेळा अख्खाच बंद पडतो किंवा स्क्रीन गोठते. फक्त गेम बंद होऊन विंडोज व्यवस्थित चालू राहत असेल आणि आधी रस्ते-इमारती गायब होत असतील, तर मेमरीचा संशय घ्यावा.

लॉग उघडला. क्रॅश गेमच्या एक्सईमध्ये, वाचायचा पत्ता शून्याजवळ. म्हणजे काहीतरी आत यायला पाहिजे होतं ते आलं नाही. मग मी मॉडलोडर फोल्डरमध्ये टीएक्सडी फाईलींना आकारानुसार लावलं. बाकीच्या गाड्या काही एमबीच्या, आणि एक फाईल एकटीच त्या सगळ्यांच्या कितीतरी पट मोठी. कोच डॉट टीएक्सडी. लालपरी.

मॅजिक टीएक्सडी नावाचं एक फुकटचं टूल आहे, त्यात ती उघडली. ज्यानं कुणी हा मॉड बनवला त्याच्या हाताला खरंच मानलं पाहिजे. मागं एमएच २० ची पाटी, म्हणजे चिकलठाण्याच्या वर्कशॉपची गाडी. दारावर एसटीचं चिन्ह. आत सीटच्या वर ‘महिलांसाठी राखीव’ हे शब्दसुद्धा रंगवलेले, इतक्या बारीक की मोठं करून बघितल्यावर रंगाचे ओघळही दिसतात. पण यातलं एकेक चित्र ४०९६ बाय ४०९६ पिक्सेलचं, आणि एकही दाबून लहान केलेलं नाही.

हिशोब बघा. ४०९६ गुणिले ४०९६ पिक्सेल, प्रत्येक पिक्सेलला चार बाइट, म्हणजे एक चित्र ६४ एमबी. सॅन अँड्रियास रस्ते, गाड्या, माणसं, इमारती हे सगळं लागेल तसं आत घेतो आणि नको ते बाहेर टाकतो. या सगळ्यासाठी त्यानं मुळात राखून ठेवलेली जागा ५० एमबी. म्हणजे लालपरीची एक बाजू अख्ख्या शहराच्या वाट्यापेक्षा मोठी. ट्रॅफिकमध्ये कोच आली की गेम तिच्यासाठी जागा करायला रस्ते बाहेर फेकायचा, इमारती फेकायचा, आणि तरी जागा पुरायची नाही. क्रॅशची वेळ ठरलेली नव्हती त्याचं कारणही यातच होतं. ट्रॅफिकमध्ये कोच कधी येईल ते कुणाच्या हातात नसतं.

“मामा, लालपरी काढू नका की हो,” भाचा म्हणाला. बाकीच्यांचंही तेच म्हणणं. काढायची गरजच नव्हती. चित्रं बाहेर काढली, १०२४ बाय १०२४ ची केली, आणि डीएक्सटी-वन पद्धतीनं दाबून परत बसवली. असं एक चित्र जेमतेम अर्धा एमबीचं होतं. कुठं ६४, कुठं अर्धा. गेममध्ये गाडी आणली, चारी बाजूंनी फिरून बघितली. बाहेरून पोरांना फरक ओळखू आला नाही. सीटवरची अक्षरं मात्र पुसट झाली, हे एकानं लगेच दाखवलं आणि त्याला खरंच हळहळ वाटली. मग आतल्या त्या एका चित्राला मोठं ठेवलं, दाबून. दाबलेलं २०४८ चं चित्र दोन एमबीचं होतं, तेवढं परवडतं.

प्रत्येक वेळी अशी एखादी फाईल डोळ्यात भरेलच असं नाही. लॉगवरून काहीच उमगत नाही तेव्हा अर्धे-अर्धे करत जायचं. घरातली एमसीबी सारखी पडत असेल तर आम्ही भिंत फोडत नाही; अर्ध्या लाईनी सोडवतो, एमसीबी चढवतो, टिकली तर दोष सोडवलेल्या अर्ध्यात. तसंच इथं. मॉडलोडरमधले अर्धे फोल्डर बाहेर डेस्कटॉपवर नेऊन ठेवायचे आणि गेम चालवायचा. उडाला तर दोषी आत आहे, नाही उडाला तर बाहेर. मग दोषी अर्ध्याचे पुन्हा अर्धे. बत्तीस मॉड असतील तर पाच वेळा चालवून एकावर येता येतं. एकेक काढत बसलात तर बत्तीस वेळा. जुन्या आयएमजीच्या पद्धतीत हे शक्यच नव्हतं.

मात्र यात शिस्त पाहिजे आणि पोरं नेमकी तिथंच चुकतात. एका वेळी एकच बदल करायचा. अर्धे फोल्डर काढले, त्याच झटक्यात ग्राफिक्सची सेटिंगही कमी केली, तर गेम चालला तरी कशामुळं चालला ते कळणार नाही. प्रत्येक वेळी त्याच सेव्हवरून, त्याच रस्त्यानं जायचं. आणि ‘चालला’ असं म्हणायच्या आधी पूर्वी जेवढ्या वेळात उडायचा त्याच्या दुप्पट वेळ तरी खेळायचं. कधी कधी एकेकटे दोन्ही मॉड चांगले असतात आणि एकत्र आले की भांडतात. तेव्हा अर्धे करून दोष दोन्हीकडं गायब होतो. अशा वेळी दोन अर्ध्यांमधलं कोण कोणाला पाण्यात बघतंय ते जोडीजोडीनं तपासावं लागतं. ते चिकाटीचं काम आहे.

मॉड लोडरला स्वतःचा प्राधान्यक्रम आहे. प्रत्येक मॉडला आधी ५० गुण असतात. दोन मॉड एकाच गाडीवर हक्क सांगत असतील तर जास्त गुणवाला जिंकतो, आणि एखाद्याला शून्य दिलं की तो मॉड फोल्डरमध्ये असूनही वाचलाच जात नाही. फोल्डर हलवण्यापेक्षा हे नीटनेटकं. पण सुरुवातीला मी पोरांना फोल्डरच हलवायला लावतो. डोळ्यांनी दिसतं, हातानं होतं, विश्वास बसतो.

हॉर्नचा किस्सा छोटा आहे. एसटीच्या हॉर्नचा क्लिओ स्क्रिप्ट टाकला होता. क्लिओ म्हणजे गेममध्ये असले छोटे जादा प्रोग्राम चालवणारं साधन. बटण दाबलं की हॉर्नऐवजी डेस्कटॉप. ठरलेल्या बटणावर, दर वेळी, हमखास उडणारा क्रॅश हा सगळ्यात सोपा क्रॅश. क्लिओचा स्वतःचा वेगळा लॉग असतो, तो बघितला आणि स्क्रिप्टसोबतची रीडमी वाचली. त्यात पहिल्याच ओळीत लिहिलं होतं की क्लिओ प्लस नावाचं जोडकाम लागतं. ते टाकलं, हॉर्न वाजला. उदगीरच्या स्टँडवर वाजतो तसाच वाजला आणि पोरांनी दुकान डोक्यावर घेतलं.

आता मॉड लोडर काय करत नाही ते सांगितलं पाहिजे, कारण सगळे क्रॅश याच्या पोटात मावत नाहीत.

गेमची आवृत्ती चुकीची असेल तर तो काही करू शकत नाही. बहुतेक मॉड १.० आवृत्तीसाठी बनलेले आहेत. एक्सई फाईलवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये आकार बघा. अमेरिकन १.० ची जी एक्सई सर्वाधिक वापरात आहे तिचा आकार १,४३,८३,६१६ बाइट भरतो. नंतर आलेल्या आवृत्त्यांवर निम्मे मॉड चालत नाहीत आणि दोष मात्र मॉडवर येतो. गेम प्रोग्राम फाइल्समध्ये ठेवला तर विंडोज तिथं लिहू देताना अडवतं. डी ड्राइव्हवर साधा फोल्डर करून ठेवलेला बरा.

मेन्यू यायच्या आधीच गेम उडत असेल तर मॉडच्या मागं लागण्याआधी डॉक्युमेंट्समधल्या ‘जीटीए सॅन अँड्रियास युजर फाइल्स’ फोल्डरमधली जीटीए-एसए डॉट सेट ही एक फाईल काढून बघा. तिच्यात स्क्रीनच्या आणि आवाजाच्या सेटिंग असतात, ती बिघडली की गेम उघडतच नाही, आणि काढली की गेम नवी बनवतो. तेवढी एकच फाईल काढा. शेजारीच तुमचे सेव्ह असतात. अख्खा फोल्डर उडवून महिन्यांचा खेळ घालवलेली पोरं मी बघितलीत.

सेव्हचा प्रश्न वेगळाच आहे. मिशनची मूळ फाईल बदलणारा किंवा नकाशा बदलणारा मॉड टाकून खेळलात, सेव्ह केलं, आणि मग तो मॉड काढला, तर तो सेव्ह उघडताना गेम उडू शकतो. मॉड लोडर मूळ फाईल सुरक्षित ठेवतो, सेव्हमध्ये काय लिहिलं गेलं त्यावर त्याचा ताबा नाही. म्हणून असा मोठा मॉड टाकायच्या आधी सेव्ह फाईली दुसरीकडं कॉपी करून ठेवा आणि नवा गेम सुरू करून बघा.

आणि कधी कधी दोष मॉडमध्ये नसतो, विंडोजमध्ये नसतो, गेममध्येच मुरलेला असतो. २०२५ च्या एप्रिलमध्ये सायलेंट या नावानं ओळखल्या जाणाऱ्या मॉडरनं याची एक विलक्षण गोष्ट उलगडून दाखवली. विंडोज ११ च्या २४एच२ अपडेटनंतर या गेममधलं स्किमर नावाचं पाण्यावरचं विमान दिसेनासं झालं, आणि त्यात जबरदस्तीनं बसवलं तर नायक आभाळात कुठल्या कुठं फेकला जायचा. सगळ्यांनी विंडोजला धरलं. शोधलं तेव्हा कळलं की गाड्यांच्या यादीच्या फाईलमध्ये स्किमरच्या ओळीत चाकाच्या मापाचे आकडेच नाहीत. आधीच्या व्हाइस सिटीत ते बोटींत मोडायचं, आणि बोटीला चाकाचं माप लागत नाही. सॅन अँड्रियासमध्ये ते विमान झालं तरी आकडे कुणी भरले नाहीत. गेम त्या जागी मेमरीत आधीच्या ओळीचा उरलेला आकडा वाचायचा आणि इतकी वर्षं तो योगायोगानं ठीक निघायचा. नव्या विंडोजनं मेमरीचा तो कोपरा वापरायला सुरुवात केली आणि योगायोग संपला. मला ही गोष्ट फार मोलाची वाटते. मॉडच्या ओळीत दोन आकडे कमी असतील आणि ‘माझ्याकडं तर चालतंय’ असं कुणी सांगत असेल, तर त्यावर विसंबू नका. ओळीतले आकडे मूळ फाईलशी मोजून बघा.

याच सायलेंटचा सायलेंट पॅच मॉड लोडरच्या जोडीनं टाकाच. गेमच्या स्वतःच्या जुन्या चुका तो दुरुस्त करतो, स्किमरचीही केली. मेमरीची ५० एमबीची हद्द वाढवायला लिमिट अॅडजस्टर मिळतो. गाड्या आणि एचडी रस्ते दोन्ही पाहिजेत तर तो लागतोच. गेम ३२ बिटचा असल्यामुळं मुळात त्याला दोन जीबीच्या वर मेमरी दिसत नाही, त्यासाठी चार जीबीचा पॅच आहे. पण हद्द वाढवली म्हणून ६४ एमबीची चित्रं तशीच ठेवू नका. चार जीबी रॅमच्या लॅपटॉपवर विंडोजला, ब्राउझरलाही जागा लागते.

माझ्या तक्रारी तीन. लॉग फार लांब होतो. मॉड वाढले की क्रॅशची माहिती शोधायला खूप खाली जावं लागतं, आणि ज्याला इंग्रजीची भीती आहे तो वरची चार पानं बघूनच बंद करतो. क्रॅशचा तेवढा भाग वेगळ्या फाईलमध्ये दिला असता तर कितीतरी पोरं स्वतःच शोधायला लागली असती. दुसरी तक्रार रीडमी वाचण्याची, जिची धास्ती मी वर म्हणालो. तुम्ही न सांगता एखादी टेक्स्ट फाईल वाचून त्यातली ओळ लागू होते, आणि गाडी विचित्र पळायला लागली की ती ओळ कुठून आली ते लक्षातच येत नाही. नको असेल तर ती टेक्स्ट फाईल मॉडच्या फोल्डरमधून बाहेर ठेवा. तिसरी, एकाच गाडीवर दोन मॉड असतील तर खेळणाऱ्याला ठळक इशारा मिळत नाही. आमच्याकडं एकाच फोल्डरमध्ये चार स्कॉर्पिओ निघतात आणि सगळ्या त्याच हंटलीवर.

या तक्रारी धरूनही पाचपैकी साडेचार. फुकटच्या साधनानं गेम परत उभा करून दिला आणि पोरांना कारण शोधायची सवय लावली. परवा त्यांच्यातल्या एकानं माझ्याकडं न येता लॉगमधला पत्ता मित्राला पाठवून दोघांनी मिळून खराब डीएफएफ पकडली, आणि मला फक्त सांगायला आला.

उतरवून घेताना एक काळजी घ्या. मोठमोठी हिरवी ‘डाउनलोड’ बटणं असलेल्या साइटवरून घेऊ नका. गिटहब या कोड ठेवायच्या साइटवरच्या बनवणाऱ्याच्या पानावरून घ्या, फाईल लहान आहे, मोबाइलच्या नेटवरही लगेच येते. आणि हे फक्त संगणकावरच्या त्या तीन जुन्या गेमसाठी आहे. मोबाइलवरच्या गेमला किंवा २०२१ मध्ये आलेल्या डेफिनिटिव्ह एडिशनला ते चालत नाही.